जागा धरणारं अक्षर

आमच्या लॅबमधून रक्ताचा नमुना तीन कारणांनी परत जातो. ट्यूब गळली असेल, रक्त गोठलं असेल, किंवा ट्यूबवरचं नाव आणि फॉर्मवरचं नाव जुळत नसेल. तिसऱ्या कारणाबाबत मी कडक आहे. एका अक्षराचा फरक असला तरी नमुना परत. म्हणून खाली रक्त घेणारी मंडळी मला ‘वेलांटीबाई’ म्हणतात. बायोकेमिस्ट्रीत एम.एस्सी. करून एवढी एकच पदवी कामी आली, असं आईचं मत आहे.

माझ्या भाचीचं रक्त पहिल्यांदा आलं तेव्हा ती सात आठवड्यांची होती. ट्यूब आणि फॉर्म, दोन्हींवर नाव तंतोतंत सारखं होतं, पण मला ते दोन्हीकडे चुकल्यासारखं वाटलं. तसं साधंच नाव, प्रत्येक वर्गात दोघी-तिघी असतात असलं. फक्त मधे एक जादा अक्षर होतं, ज्याचा उच्चार होत नाही. ते नाव मी इथे लिहिणार नाही. वाचणाऱ्याने मनातल्या मनात ते म्हणावं, हेही मला नको आहे.

ताईला फोन केला. ती थकलेली होती. म्हणाली, चूक नाही, त्यांच्या घरात असंच लिहितात. मागच्या खोलीतल्या आत्याबाईंचं नाव हेच. आत्याबाई म्हणजे भाऊजींच्या वडिलांची आत्या की आजोबांची, हे त्या घरात कुणालाच धड सांगता येत नसे. ताईच्या सासूबाईंनी नाव बाळ पोटात असतानाच ठरवलं होतं. जन्मदाखल्यावर ते चढायचं बाकी होतं, त्याला पुढच्या महिन्यातल्या पहिल्या सोमवारपर्यंत मुदत होती. पण हाक मारायला सगळ्यांनी कधीच सुरुवात केली होती.

बाळाचं हिमोग्लोबिन आठ पूर्णांक एक आलं. या वयात ते आपोआप थोडं उतरतं, घाबरू नकोस, असं मी ताईला समजावलं. दोन आठवड्यांनी ते सहा पूर्णांक नऊ झालं. डॉक्टरांनी सगळ्या तपासण्या केल्या. कुठे रक्तस्राव नव्हता, पेशी फुटत नव्हत्या, लोह ठीक होतं. रक्त कुठेही जात नव्हतं आणि तरी कमी होत होतं.

आत्याबाईंचं मूत्रपिंडाचं जुनं दुखणं होतं, त्यामुळे त्यांच्या ट्यूबा आमच्याकडे नेहमीच येत. त्यांचं हिमोग्लोबिन वर्षभर सातवर अडकलेलं होतं. बाळाच्या पहिल्या तपासणीच्या दिवशी ते आठ पूर्णांक आठ होतं, दुसरीच्या दिवशी दहा पूर्णांक सहा. औषध बदललेलं नव्हतं. मी सवयीने दोन्ही आकडे एकाच कागदावर मांडले. एक रेघ उतरत होती, एक चढत होती. इतक्या कमी आकड्यांवरून निष्कर्ष काढायचा नसतो. मी काढला नाही. कागदही फाडला नाही.

नावाचा अर्थ मात्र शोधायला घेतला. ताईलाच तो हवा होता. अर्थ चांगला निघाला तर आपण सासूबाईंशी भांडणार नाही, असं ती म्हणाली होती. साध्या नावाचा अर्थ कुठल्याही कोशात सापडतो. या रूपाचा कुठेच नव्हता. आमच्या जिन्यावर भाषेचे एक निवृत्त मास्तर राहतात. त्यांनी कागद डोळ्यांजवळ नेला आणि लगेच उलटा करून ठेवला. म्हणाले, “हे अक्षर वाचायचं नसतं, पोरी. पोथ्या उतरवणारे जुने लेखनिक जागा धरायला असं अक्षर टाकून ठेवायचे. पुढे कोणीतरी येऊन बसणार, तोवर राखून ठेवलेली जागा. बसमध्ये आपण रुमाल टाकतो ना, तसं.”

मी विचारलं, मग या नावात कोण बसतं?

“ते रुमाल टाकणाऱ्याला विचार,” मास्तर म्हणाले आणि दार लावून घेतलं.

रविवारी दुपारी ताईकडे गेले. सासूबाईंनी दारातच विचारलं, आज सुया घेऊन आलीस की मोकळ्या हातांनी? बाळ पाळण्यात कागदासारखं पांढरं पडलं होतं. रडतही नव्हतं. ताई त्याच्या पायाचा अंगठा दाबून सोडत होती आणि तांबूस रंग परत यायला किती वेळ लागतो ते मोजत होती. भाऊजी वर्तमानपत्राची घडी घालत होते, उलगडत होते. मी नाव बदलायचं सुचवलं, निदान बाळ बरं होईपर्यंत. सासूबाई शांतपणे म्हणाल्या की या घरात शिकलेल्या सुना आधीही आल्या होत्या, त्यांनाही असंच वाटलं होतं. पुढच्या सोमवारी कागद होऊ दे, मग सगळं जिथल्या तिथे बसेल.

निघताना मागच्या खोलीचं दार अर्धवट उघडं होतं. आत्याबाई पलंगावर ताठ बसल्या होत्या. मागच्या वेळी आले होते तेव्हा त्यांच्या नखांना रंग नव्हता. आता ती गुलाबी होती.

“तू ती रक्त मोजणारी ना?” त्या म्हणाल्या.

मी हो म्हटलं.

“मग सांग की, किती भरलंय आता?”

बाळाबद्दल त्यांनी काही विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत मी लॅबच्या माळ्यावर चढले. आमची लॅब साठ वर्षं जुनी आहे आणि कॉम्प्युटर यायच्या आधीची रजिस्टरं तिथे कापडात बांधून ठेवलेली आहेत. साध्या रूपाच्या शेकडो नोंदी होत्या. जादा अक्षराच्या फक्त दोन जोड्या सापडल्या, पत्ता ताईच्या घराचाच. एकोणतीस वर्षांपूर्वी एक मुलगी, वय तीन महिने, आणि एक बाई, वय बहात्तर. अठ्ठावन्न वर्षांपूर्वी एक मुलगी, वय चार महिने, आणि एक बाई, वय एक्काहत्तर. दोन्ही वेळा मुलीचे आकडे उतरत गेले आणि शेवटी ओळी थांबल्या. बाईचे चढत गेले.

या तीन वेगवेगळ्या बायका असणार. घराण्यात नाव पुन्हा पुन्हा ठेवतात, त्यात नवल नाही. मी स्वतःला हे सांगत होते, तेवढ्यात रक्तगटाचा रकाना दिसला.

अठ्ठावन्न वर्षांपूर्वी बाई बी, मुलगी ओ.

एकोणतीस वर्षांपूर्वी बाई ओ, मुलगी ए.

आताच्या आत्याबाई ए आहेत, फॉर्मवर वय बहात्तर. एकोणतीस वर्षांपूर्वी जी तीन महिन्यांची होती, ती आज बहात्तर वर्षांची असू शकत नाही.

आमचं बाळ एबी आहे. मी खाली आले आणि आत्याबाईंचा ताजा नमुना काढून गट पुन्हा तपासला. काचेवर काही पेशी ए सारख्या वागल्या, काही एबी सारख्या. दुसऱ्याचं रक्त चढवलं की असं मिश्र चित्र दिसतं. भाऊजींना फोन करून विचारलं. आत्याबाईंना आयुष्यात कधीही रक्त चढवलेलं नव्हतं.

संध्याकाळी ताईला लॅबच्या मागच्या बाकावर बसवून मी सगळं दाखवलं. ती हसेल असं वाटलं होतं. हसली असती तर बरं झालं असतं. तिने दोन्ही रजिस्टरं नीट पाहिली, बोट ठेवून ओळी वाचल्या.

“लहानच का लागतं?” तिने विचारलं. “मोठं माणूस चालत नाही?”

 “रजिस्टरात फक्त तान्ह्या मुलीच आहेत,” मी म्हटलं.

“मोठ्या माणसाने स्वतःहून दिलं नसेल,” ती म्हणाली. मग माझ्या डोक्यावर टपली मारून म्हणाली, “वेलांटीबाई, जेवत जा वेळेवर. हाडं दिसायला लागलीत.”

कागदाच्या सोमवारी मला सुट्टी मिळाली नाही. दुपारी तिचा फोन आला. बाळाला दुसरंच नाव लावलं, छोटंसं, दोन अक्षरी. त्याचा अर्थ कोशात आहे, मी लगेच पाहिला. सासूबाई काय म्हणाल्या, असं विचारलं, तर म्हणाली, काहीच नाही.

आठ दिवसांनी बाळाचं हिमोग्लोबिन आठ पूर्णांक चार आलं. नंतरच्या आठवड्यात साडेनऊ. मी लॅबमध्ये सगळ्यांना पेढे वाटले. आत्याबाईंची ट्यूब त्या दोन आठवड्यांत आली नाही, आणि खरं सांगायचं तर मी वाटही पाहिली नाही.

रविवारी ताईकडे गेले. ऊन घरात लांबवर आलं होतं. सासूबाईंनी दार उघडलं, बस म्हणाल्या, पाणी दिलं. आजवर त्यांनी मला पाणी विचारलं नव्हतं. मग कपाटातून जन्मदाखला काढून स्वतः माझ्या हातात ठेवला.

बाळाचं नाव बरोबर होतं. मी ते अक्षर अक्षर तपासलं.

त्याखाली आईच्या नावाचा रकाना होता.

त्यात ताईचं नाव नव्हतं. ते साधं, वर्गात दोघी-तिघींचं असतं तसलं नाव होतं. मधे एक जादा अक्षर होतं.

“तिनंच दिलं हो,” सासूबाई म्हणाल्या. “नाव बदलल्याचा कागदही तिनंच केला. आम्ही अवाक्षर काढलं नाही.”

ताई खिडकीशी खुर्चीवर बसली होती, माझ्याकडे पाठ करून. मांडीवर बाळ होतं, गालावर रंग आलेलं. तिचे हात बाळाच्या दोन्ही बाजूंना नुसते ठेवलेले होते, नखांना रंग नव्हता.

“ताई,” मी म्हटलं.

ती वळली नाही.

मी पुन्हा हाक मारली, जरा मोठ्याने.

मागच्या खोलीतून आवाज आला, तरणा, थोडा चिडवणारा, मला जन्मापासून माहीत असलेला. “आले गं. हात ओले आहेत, थांब.”

बाळाने त्या दाराकडे मान वळवली आणि हात पसरले.