चंद्रीचं डावं शिंग

साहेब, म्हशीच्या शिंगाचं रक्त तुमच्या हाताला लागलंय. पशुसंवर्धन खात्याच्या खुर्चीत बसून तुम्ही पत्रक काढलंत – "शृंग हे मृत अधिचर्मीय पेशींपासून बनलेले, शृंगीप्रथिनयुक्त उपांग होय" – आणि गावोगाव वाटलंत. कळंब्याच्या उदयसिंहाला त्यातला एकच शब्द कळला. मृत. मेलेल्याला काय दुखतंय, म्हणून त्यानं चंद्रीचं मानेत रुतणारं डावं शिंग चांगलं वीतभर करवतलं, आणि रक्ताची चिळकांडी गोठ्याच्या पत्र्यापर्यंत उडाली.

साल नव्व्याण्णव, गणपती नुकतेच गेलेले. जनावरांच्या दवाखान्यात नुकतीच रुजू झालेली दीप्ती तळ्याच्या रस्त्यानं स्कूटरवरून निघाली होती. रक्तानं माखलेला, उघडाबंब उदयसिंह हात पसरून आडवा आला.

"ओ बाई, डॉक्टरला बघितलासा का कुठं?"

"मीच."

"तुम्ही...?" तो बघतच राहिला.

"बघून झालं असलं तर म्हस दाखवा."

तिनं शिंगाच्या मुळाशी दोरी आवळली, जखमेवर कापड दाबून धरलं. दाबायला आणखी एक हात हवा होता, उदयसिंहाचा आला. रक्त मनगटावरनं ओघळलं तरी त्यानं तो हलवला नाही... आणि तिला ते उगाचच आवडलं.

"वरचं कडक असतंय ते किरॅटिन. तुमच्या नखाचंच भावंड. पण आत हाड असतंय, आणि त्यात रक्त खेळतंय. नुसतं टोक कापायचं. तुम्ही पार हाडात घुसलासा."

"पत्रकात असं कुठं लिवलंय?"

"लिहिणाऱ्याला एकदा म्हशीनं उडवायला पाहिजे."

तो खळखळून हसला. चंद्रीनं कान हलवले.

"खूर, नख, चोच, केस... सगळी एकाच घरची," दीप्ती म्हणाली.

"म्हंजे तुमची वेणी आन हिचं शिंग –"

"एकाच घरचं."

"हिच्या शिंगाला मी रोज तेल चोळतोय..."

"पावणं, पुढं बोलू नका." पण हसू लपवायला तिला म्हशीच्या पलीकडं जावं लागलं.

रोजची पट्टी सुरू झाली. मग जखम भरली, तरी पट्टी चालूच राहिली. 'तुम्ही'चं 'तू' कधी झालं, दोघांनाही कळलं नाही. तो दीप्तीच्या घरी कबनूरलाही जाऊन आला, यंत्रमागाचा आवाज ऐकत तिच्या बापाशेजारी बसून जेवला. आपल्या आईला मात्र एका शब्दानं बोलला नाही. दीप्तीला ते गिळवेना.

दिवाळीच्या पाडव्याला सकाळी तिनं गोठ्यात त्याला गाठलं.

"तू माझ्या घरी जेवलास. तुझी आई जेवंल?"

तो शिंगाला रंग देत राहिला.

"आम्ही बौद्ध. सांगितलंस तिला?"

"सांगतो की..."

"आज. गोठ्यातल्या गोठ्यात राहणारं प्रेम मला नको, उदय. न्हाईतर उद्यापासून पट्टीला कंपाउंडर येईल."

"जखम तर कवाच भरली."

"म्हणूनच."

अंगणात हलगी कडाडत होती. मोरपिसं खोवलेल्या म्हशी मिरवणुकीला सजल्या होत्या. चंद्री एका शिंगानं आखूड, तरी तोऱ्यात. तिला ओवाळायला उदयसिंहाची आई, बयाबाई, ताट घेऊन पुढं आल्या. तेवढ्यात उदयसिंहानं एका दमात ओकून टाकलं –

"आई, मला दीप्तीसंगं लगीन करायचंय. ती बौद्ध हाय."

हलगीवाला थांबला. बयाबाई ताटासकट लेकाकडं वळल्या.

"तिच्या घरचं खाल्लंस?"

"व्हय. दोनदा."

"दोनदा." आवाज चढला. "आन मी हितं भाकरी झाकून वाट बघत बसलीया. काय केलंतं त्यांनी?"

"मासं..."

बयाबाईंनी ताट त्याच्या हातात कोंबलं, पदर कमरेला खोचला आणि तरातरा दीप्तीपुढं येऊन उभ्या राहिल्या. दीप्तीनं नजर खाली घेतली नाही.

"ह्याला दोनदा मासं. आन मला कवा बोलवणार हाईस गं? सांग की."