भृंगराजाचा टप्पा

१९७९ पासून तीन वर्षं मी दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी लोकांना तुंगारेश्वरच्या रानात पक्षी दाखवायला नेत होतो. मी पापडीला राहतो, शाळेत विज्ञान शिकवतो, घरची थोडी केळीची वाडी आहे. पक्ष्यांचं वेड कॉलेजात लागलं ते राहिलं. सकाळी साडेसहाला वसई रोड स्टेशनबाहेर जमायचं, टेम्पोने सातिवलीपर्यंत जायचं आणि तिथून पायी. फेरी तीन तासांची. येणारे बहुतेक वसईचेच, पण किनाऱ्याकडचे. रुळांच्या पलीकडे तासाभराच्या अंतरावर एवढं दाट रान आहे याचं त्यांना दर वेळी नवल वाटे, आणि ते नवल बघायला मला आवडे.

वाट मला माहीत होती. रान माहीत होतं ते कमळीला. ती पायथ्याच्या पाड्यावरची वारली बाई, चाळिशीची असेल. कंद, मध, अळंबी गोळा करत तिचं आयुष्य त्या डोंगरावर गेलेलं. कमरेला कोयता लावून ती अनवाणी पुढे चालायची आणि मधेच थांबायची. ती जिकडे बघत असे तिकडे मी दुर्बीण लावली की मिनिटाभराने मला पक्षी दिसायचा. ती फारशी बोलत नसे. मला मास्तर म्हणे.

देवळाच्या पुढे ओढ्याच्या काठाने एक वाट वर जाते. तिथे उंबर, जांभूळ आणि जुने आंबे इतके दाटलेत की ऑक्टोबरातही खाली ऊन पोचत नाही. गारंबीचे मांडीएवढे जाड वेल एका झाडावरून दुसऱ्या झाडावर गेलेले. मातीला भिजलेल्या गोणपाटाचा वास. या वाटेवर दोन बुंध्यांच्या एका उंबरापासून वरच्या डोहापर्यंत साधारण तीनशे पावलांचा टप्पा आहे. तिथे कमळी कोणाला बोलू देत नसे. पहिल्याच फेरीला मी कारण विचारलं होतं.

"हितलं पाखरू शिकतं," ती म्हणाली होती.

ते मला माहीत होतं. त्या टप्प्यात भृंगराजाची जोडी होती. काळा कुळकुळीत पक्षी, शेपटीला दोन लांब तारा आणि तारांच्या टोकाला पिसं. नकला करण्यात त्याचा हात धरणारा दुसरा पक्षी आपल्याकडे नाही. माझ्या वहीत त्याचे चौदा आवाज नोंदलेले होते: सर्पगरुड, हळद्या, मांजर, पाड्यावरची कोंबडी, लाकडावर पडणारी कुऱ्हाड. कमळीचा नियम मला अंधश्रद्धा वाटला तरी सोयीचा वाटला. माणसं गप्प राहिली की पक्षी जास्त दिसतात. पुढे टेम्पोतच मी सगळ्यांना सांगून ठेवू लागलो, की उंबरापासून डोहापर्यंत अवाक्षर काढायचं नाही.

११ ऑक्टोबर १९८१ च्या फेरीला आम्ही सात जण होतो. त्यात प्लासिड अंकल आणि त्यांची मुलगी विनी. प्लासिड अंकल आमच्या शेजारच्या आळीतले, पोस्टातून निवृत्त झालेले, साठीच्या पुढचे. विडीने छाती खराब केलेली आणि कानांनी कमी ऐकू येई. डॉक्टरांनी चालायला सांगितलंय म्हणून विनीने त्यांना आणलं होतं. विनी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये ऑपरेटर होती. ट्रंककॉल लावायचा तर तीच फोनवर येई, त्यामुळे निम्म्या वसईला तिचा चेहरा माहीत नसला तरी आवाज माहीत होता. किंचित घोगरा, शब्दाच्या शेवटी बसल्यासारखा होणारा.

त्या दिवशी सगळं छान चाललं होतं. देवळाजवळ धनेश दिसला. कॉलेजच्या दोन मुलांनी माझ्या वहीत बघून नावं उतरवून घेतली. प्लासिड अंकल सातिवलीपासून खोकत होते, पण खुशीत होते. काठीने पालापाचोळा उलटून खालच्या गोगलगाई बघत ते सगळ्यांच्या मागून येत होते.

उंबराशी कमळीने ओठांवर बोट ठेवलं आणि आम्ही आत शिरलो.

भृंगराज डोक्यावरच होता. आधी त्याने गरुडाची शीळ घातली, मग मांजर काढलं. मी वही उघडली. मग तो खोकला. दोन आखूड ठसके, एक लांब, आणि नंतर घसा खाकरण्याचा आवाज. सगळ्यांनी हसू दाबत मागे बघितलं. प्लासिड अंकल वीसेक पावलं मागे एका पडलेल्या खोडावरची अळंबी न्याहाळत होते. त्यांना काही ऐकू आलेलं नव्हतं. मी लिहिलं, 'पंधरा. माणसाचा खोकला.' लिहिताना मनात आलं की हा पक्षी नवा आवाज इतक्या लवकर उचलत नाही. त्याला दिवस लागतात, कधी महिने. अंकल तर या रानात पहिल्यांदाच येत होते. पण खोकणारी माणसं काही कमी नसतात, असं म्हणून मी पेन्सिल ठेवली.

तेव्हा वरून आवाज आला, "पप्पा, डोळे उघडा."

तो विनीचा आवाज होता. तिच्यासारखा नव्हे, तिचाच. 'उघडा' मधला शेवटचा 'डा' तसाच बसलेला.

विनी माझ्या शेजारी उभी होती. तिचे ओठ मिटलेले होते.

पानं हलली. पक्षी खालच्या फांदीवर आला. त्याची शेपटी मला स्पष्ट दिसत होती, आणि बोलताना हलणारा गळाही. "पप्पा, डोळे उघडा." या वेळी मोठ्याने. तिसऱ्या वेळी आवाज मधेच फाटला, रडताना फाटतो तसा.

कमळीने विनीचं मनगट धरलं आणि आम्हा सगळ्यांना मागे फिरवलं. ती पळाली नाही, पण थांबलीही नाही. उंबर ओलांडल्यावर ती विनीच्या कानाशी बोलली. मी लगेच मागे होतो म्हणून मला ऐकू आलं.

"ते बोल तू बोलू नको. काय पन झालं तरी."

मी शिक्षक आहे. मी समजावत राहिलो. कोणी तरी बाई आपल्या बापाबरोबर इथे आली असेल, सगळ्यांचे आवाज थोडेफार सारखे असतात, आपण घाबरलो की कान आपल्याला फसवतात. कॉलेजची मुलं माना हलवत होती. विनीने सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच विचारलं, "सर, मी तिथे कधीच आले नव्हते. त्याने माझा आवाज कुठे ऐकला?"

मी वही मिटून काखेत धरली.

देवळाच्या अलीकडे ओढा ओलांडताना प्लासिड अंकल एका दगडावर बसले. दमलो म्हणाले. डावा हात चोळत होते. कपाळावर घाम आला, मग चेहरा राखेसारखा झाला. मान छातीवर आली आणि डोळे मिटले.

विनी त्यांच्यापुढे गुडघ्यांवर बसली. तिने तोंड उघडलं. कमळीने मागून तिच्या तोंडावर हात ठेवला.

मी चिडलो. सोड तिला, म्हणालो. माणूस शुद्ध हरपत असताना त्याला हाक मारायची असते, त्याला जागं ठेवायचं असतं, हे मी पोरांना शिकवतो. मी स्वतः हाक मारणार होतो. पण मी फक्त "अंकल" एवढंच म्हणालो. पुढचे दोन शब्द माझ्या तोंडातून निघाले नाहीत.

विनीने कमळीचा हात बाजूला केला. ती बोलली नाही. ओंजळीने ओढ्याचं पाणी घेऊन तिने बापाच्या तोंडावर मारलं. पुन्हा मारलं. त्यांच्या गालांवर चापट्या मारल्या, त्यांचं डोकं आपल्या खांद्यावर घेतलं, आणि दात इतके आवळून धरले की तिच्या जबड्याची शीर उभी राहिली.

किती वेळ गेला सांगता येणार नाही. ओढा वाहत होता. बाकी सगळं रान गप्प होतं.

मग अंकलनी डोळे उघडले आणि पाणी मागितलं.

कमळीने कोयत्याने बांबू तोडला. बसायला आणलेल्या चादरीची झोळी करून आम्ही त्यांना खाली आणलं आणि टेम्पोने दवाखान्यात. हृदयविकाराचा झटका होता. डॉक्टर म्हणाले, वाचले हे आश्चर्य आहे. संध्याकाळी विनी मला व्हरांड्यात भेटली. खोलीत नर्सने तिला सांगितलं होतं, की त्यांना हाक मारा, डोळे उघडायला सांगा. ती उठून बाहेर आली होती. "नर्सला वाटलं असेल, कसली मुलगी आहे," ती म्हणाली.

प्लासिड अंकल अजून आहेत. सकाळी काठी घेऊन चर्चपर्यंत जाऊन येतात.

पुढच्या रविवारी मी पानात गुंडाळलेली सुकेळी, घरची वाळवलेली केळी, बांधून घेतली आणि एकटाच कमळीकडे गेलो. तिने मला अंगणात बसायला सांगितलं. मग आपणहून बोलायला लागली. लग्नानंतर दोन वर्षांनी ती नवऱ्याबरोबर मधाला गेली होती, तेव्हा पाखरू तिच्या आवाजात बोललं. दोघं हसली. चौथ्या दिवशी नवरा झाडावरून पडला आणि तिच्या तोंडून तेच शब्द निघाले. तो उठला नाही. ते शब्द कोणते ते तिने सांगितलं नाही. मीही विचारलं नाही. मी विचारलं ते वेगळंच. विनी ते बोलली नाही, म्हणजे आता ते शब्द गेले का?

"गेलं. आता ते बोलत नाय," कमळी म्हणाली. मग सुकेळीची पानं सोडता सोडता तिने विचारलं, "मास्तर, तुमच्या घरात मथुरा कोन?"

आमच्या घरात मथुरा नावाचं कोणी नव्हतं. तसं मी सांगितलं.

"मंग बरं," ती म्हणाली. पण ती माझ्याकडे बघत नव्हती. का विचारलंस, म्हणून मी दोनदा विचारल्यावर तिने सांगितलं. दोन दिवस पाखरू माझ्या, मास्तरच्या आवाजात त्या नावाने हाक मारत होतं. लांबून मारतात तशी. पुन्हा पुन्हा, मधे थांबून, ओ यायची वाट बघितल्यासारखी.

मी उंबरापर्यंत गेलो नाही. त्यानंतर एकही फेरी काढली नाही. लोकांना गुडघा दुखतो म्हणून सांगितलं.

माझी बायको द्वारका तेव्हा माहेरी अर्नाळ्याला होती, सातवा महिना लागला होता. तिला मी यातलं काही कळू दिलं नाही. जानेवारीत मुलगी झाली. बारशाच्या आधी मी घरात स्पष्ट सांगितलं की नाव मी ठरवणार, आणि कागदावर सावित्री लिहून ठेवलं. पण पाळण्यात नाव सांगायचा मान आत्याचा. माझी बहीण सरला पाळण्यावर वाकली, बाळाच्या कानाशी कुजबुजली, आणि मग हसत सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, की सावित्री पत्रिकेत राहू दे, हाक मारायला आपल्या आजीच्या आईचं नाव ठेवलंय. ते पणजीचं नाव आहे हे मला ठाऊकच नव्हतं; मी ते कमळीच्या अंगणात ऐकलं होतं. बायकांनी माझ्या हातावर घुगऱ्या ठेवल्या आणि माझ्या हातून त्या सांडल्या. सगळ्यांना तो आनंद वाटला.

मुलगी आता पाच वर्षांची आहे. सगळं गाव तिला त्या नावाने हाक मारतं आणि ती ओ देते. मी बाळा म्हणतो. द्वारका सुरुवातीला रागवायची, आता तिला सवय झाली आहे.

या पावसाळ्यापासून मुलीला लपाछपीचा नाद लागला आहे. केळीत जाऊन लपते आणि नावाने हाक मारल्याशिवाय बाहेर यायचं नाही असा तिने नियम केला आहे. द्वारका घरातून हाक मारते, मग खेळ संपतो. काल द्वारका बाजारात गेली होती. मी एक एक ओळ धुंडाळत वाडीभर फिरलो, विहिरीत डोकावलो, पुन्हा पहिल्या ओळीपासून सुरुवात केली. अर्धा तास झाला असेल. तोंड मी घट्ट मिटून घेतलं होतं.

शेवटी ती कुंपणाकडच्या, पूर्वेकडच्या ओळीतून धावत आली. फ्रॉकला चिखल लागलेला, चेहरा हसरा. मी तिला उचलून घेतलं. एवढा वेळ का लावलास, असं विचारलं.

"बाबा," ती म्हणाली, "मी येणारच नव्हते. पण तुम्ही किती वेळ हाका मारत होतात."