लोथार ग्रूबशची शेवटची बुडी

"माझ्या मुलाचा जर्मन वैमानिक चोरीला गेलाय," असं म्हणून सरोजिनीबाईंनी पिशवीतून चिवड्याचा डबा काढला आणि टेबलावर ठेवला.

वसुधाताईंच्या पाया लेबारमधल्या डिटेक्टिव्ह ऑफिसात मदतनीस म्हणून उन्मेषने आठ महिन्यांत दोन हरवलेली मांजरं आणि एक हरवलेला नवरा एवढीच प्रकरणं पाहिली होती. मांजरं सापडली होती. वैमानिक पहिलाच. त्याने तो वहीत लिहून घेतला आणि खाली रेघ मारली.

"वैमानिक नाही, आई. त्याची उड्डाणवही." शेजारी बसलेला रुचिर इतिहासाचा संशोधक होता. इस्त्रीची पँट आणि पायांत रबरी चपला. "आणि इथे यायची गरजच नव्हती. युनिव्हर्सिटीला कळवलंय मी."

"दसऱ्यापासून बूट ओले आहेत हो याचे," सरोजिनीबाईंनी चपलांची माफी मागितली.

वसुधाताई चपलांकडे जरा जास्तच वेळ बघत राहिल्या. "वही नसली तर काय होईल?"

"शुक्रवारी समिती बसतेय. मूळ वही तपासणार. चोरीला गेली म्हटल्यावर सहा महिने मुदत मिळेल." रुचिर थांबला. "संशोधनच रद्द झालं तर इथे राहायचा पासही रद्द. महिन्याभरात पुण्याला परत."

"असा कसा रद्द होईल?" सरोजिनीबाई म्हणाल्या. "लोथार ग्रूबश काय साधा माणूस होता? एकसष्ट विमानं पाडली. तीनदा समुद्रात पडला, तीनदा तरंगून वर आला. त्रेचाळीस सालचा फेब्रुवारी तर विचारूच नका! अठ्ठावीसला दोन पाडली, एकोणतीसला पाच, एक मार्चला विश्रांती. एकोणतीस माझा वाढदिवस ना, म्हणून पाठ आहे. माझा मेला चार वर्षांनी येतो. यंदा पंधरावा झाला."

"कोणाची विमानं पाडली?"

"ते नाही बाई विचारलं."

रुचिर खिडकीतून खाली बघत होता.

बुकित बातोकच्या अकराव्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये दसऱ्याचा पाट अजून तसाच होता. वर सरस्वती, रुचिरचा लॅपटॉप आणि मधे वहीएवढी रिकामी जागा. त्या जागेवर चार-पाच अक्षता.

"कव्हर घातलं होतं मी वहीला," सरोजिनीबाई म्हणाल्या. "ब्राउन पेपर, वर प्लॅस्टिक, आतून चिठ्ठी. नाव, इयत्तेच्या जागी पोस्टडॉक, आणि फोन नंबर. याचा इथला नंबर मला पाठ होत नाही, म्हणून डिपार्टमेंटचा लिहिला."

"पूजेत काय काय वाहिलं?" वसुधाताईंनी विचारलं.

"फूल आणि हळदकुंकू. अक्षता वाटीत ठेवल्या होत्या, दुसऱ्या दिवशीच्या उत्तरपूजेला. निरोप दिल्याशिवाय पूजेतलं काही हलवायचं नसतं. मी तासभर खाली सोनं वाटायला गेले. आपटा मिळेना, म्हणून कढीपत्ता. वर येते तर वही नाही."

त्या तासात घरात तिघं होते. रुचिर म्हणाला, तो अंघोळीला गेला होता.

फ्लॅटमध्ये भाड्याने राहणारा लिम इंग्रजीत म्हणाला, "मला इंग्रजी पुस्तकांचाच कंटाळा येतो, जर्मन कशाला चोरू? मी फक्त तो सांडलेला तांदूळ झाडायला गेलो. मुंग्या येतात, lah. आंटी केवढ्याने ओरडली!"

तिसरी इशिता. रुचिरचीच सहकारी, इथेच वाढलेली. पुढच्या वर्षी दोघांपैकी एकालाच जागा मिळणार होती.

"Of course मला जागा हवीय. पण काकूंनी मला तीनदा सांगितलं, हात लावायचा नाही. मी घाबरून लांब बसून श्रीखंड खात होते. पूजेतली गोष्ट कधी हलवायची, कशी हलवायची, I have no idea. तुम्ही सांगा ना."

रुचिरच्या खोलीत टेबलावर १९४३ सालच्या कॅलेंडरचं प्रिंटआउट होतं, फेब्रुवारीचं. उन्मेषने लिहून घेतलं: 'वातावरणनिर्मिती.'

गुरुवारी संध्याकाळी वसुधाताईंनी सगळ्यांना पाटाभोवती बसवलं. चिवडा मधे ठेवला.

"चोराने वही उचलण्याआधी वाटीतल्या अक्षता वाहिल्या. म्हणजे आधी निरोप दिला, मग चोरी केली. लिमला तो सांडलेला तांदूळ वाटला. इशिताला निरोप द्यायचा असतो हेच माहीत नाही. काकू खाली कढीपत्ता वाटत होत्या."

"मग उरलं कोण?" उन्मेषने विचारलं. त्याला खरंच कळलं नव्हतं.

बाकी सगळे रुचिरकडे बघत होते.

"स्वतःचीच वही?" सरोजिनीबाई म्हणाल्या. "कशाला?"

"काकू, त्रेचाळीसला चारने भाग जात नाही. त्या वर्षी फेब्रुवारी अठ्ठावीस दिवसांचा होता. तारीख चुकली म्हणावं, तर अठ्ठावीस आणि एक मार्च वेगळे लिहिलेत. जो दिवस उगवलाच नाही, त्या दिवशी ग्रूबशने पाच विमानं पाडली. वही नकली आहे. बहुतेक ग्रूबशसुद्धा."

रुचिरने होकारार्थी मान हलवली. "दसऱ्याआधी आई लाडू वळताना म्हणाली, 'ग्रूबशची मजा आहे, त्याला त्रेचाळीसलाही एकोणतीस मिळाला.' मी कॅलेंडर काढलं. तीन वर्षं, चार प्राध्यापक, दोन परिषदा. कोणाच्याही लक्षात आलं नव्हतं."

"वही कुठाय?"

"भिंतीतल्या कचऱ्याच्या शूटमध्ये टाकणार होतो. झडप उघडलीसुद्धा. पण वर हळदकुंकू होतं ना, आई. मग मागच्या तळ्यावर गेलो आणि विसर्जन केलं."

"बुटांसकट," वसुधाताई म्हणाल्या.

"पाय घसरला. ताई, कोणाला सांगू नका. सहा महिने मिळाले तर दुसरा विषय शोधीन. नवीन, खरा."

"मी नाही सांगणार," वसुधाताई म्हणाल्या. "पण प्लॅस्टिकचं कव्हर आहे, रुचिर. ते—"

फोन वाजला. रुचिरने ऐकलं, तीनदा थँक्यू म्हणाला आणि फोन पाटावर ठेवला, वहीच्या जागी.

"डिपार्टमेंटमधून होता. तळं साफ करणाऱ्या काकांना वही तरंगताना मिळाली. चिठ्ठी वाचून स्वतः आणून दिली. आत एक पान भिजलेलं नाही. उद्या दहा वाजता समिती ठरल्याप्रमाणे."

सरोजिनीबाई म्हणाल्या, "माझं तिकीट तीस तारखेचं आहे. तुझंही त्याच विमानाचं काढ. बॅगा वाटून घेता येतील."

रुचिर उठला, बाल्कनीत गेला आणि बूट वाळले का ते बघून आला. वाळले नव्हते.

उन्मेषने वही उघडली. 'जर्मन वैमानिक'समोर त्याने लिहिलं: सापडला. मांजरांनंतरचं हे पहिलंच यश होतं. त्याने चिवड्याचा डबा पुढे केला. कोणी घेतला नाही.