चेहऱ्याची जागा

खाली दुकान आणि वर घर, अशी त्या दोघांची सोय होती. खाली तो डोळे तपासून चष्मे करून द्यायचा, वर खिडकीपाशी ती पुस्तकांची मुखपृष्ठं रंगवायची. पुस्तकं सगळी प्रेमाची. पण त्यांतले महाल ढगांवर तरंगायचे आणि नायक एक तर राजपुत्र असायचा नाही तर शापित, बहुतेकदा दोन्ही. चष्मेवाला म्हणायचा, "तू लोकांना नसलेलं दाखवतेस, मी असलेलं दाखवतो. चालायचंच. एका घरात दोन्ही धंदे असलेले बरे."

तिच्या धंद्यात एक रीत होती. नायकाचा चेहरा रंगवायचा नाही. अंगरखा, खांदे, वाऱ्यावर उडणारे केस, सगळं जीव ओतून करायचं, आणि चेहऱ्याच्या जागी नुसतं धुकं ठेवायचं. प्रकाशकबाईंनी पहिल्याच दिवशी बजावलं होतं, "ती जागा आपली नाही बरं का. वाचणारी तिथे आपला माणूस बसवते. आपण तिथे लुडबुड करायची नाही." तिने मनाशी खूणगाठ बांधली आणि इतकी वर्षं ती पाळली.

चष्मेवाल्याकडेही एक गंमत होती. लग्नाआधी त्याने ती तिला दाखवली होती. "डावा डोळा मीट," तो म्हणाला होता. "उजव्याने त्या फुलदाणीकडे बघ. माझ्याकडे नाही, फुलदाणीकडेच. आता हळूहळू मागे सरक." ती सरकत गेली, आणि फुलदाणीच्या उजवीकडे बसलेल्या त्याचं डोकंच नाहीसं झालं. कॉलरच्या वर सलग भिंत दिसत होती. ती किंचाळली आणि तो पोट धरधरून हसला. मग त्याने समजावलं, की प्रत्येकाच्या डोळ्यात एक टिकलीएवढी आंधळी जागा असते. तिथलं दिसत नाही, पण मन तिथे भोक राहू देत नाही. आजूबाजूचं बघून ठिगळ लावतं, आणि ते इतकं बेमालूम असतं की आपल्याला पत्ताही लागत नाही. प्रेमात पडायला लोकांना चांदणं लागतं. या दोघांना मुंडकं गायब होणं पुरलं.

आता त्यालाही बरीच वर्षं झाली होती. संध्याकाळी दुकान बंद करून तो वर यायचा आणि तिच्या चित्राच्या उजवीकडे, हातभर अंतरावरच्या खुर्चीत बसून दिवसभराचं पुराण लावायचा. त्या दिवशी काचा पुसायच्या फडक्यांचं चाललं होतं. ती खोलीच्या दुसऱ्या टोकाला चहाचा कप घेऊन बसली होती, कंटाळली होती. सहज म्हणून तिने डावा डोळा मिटला आणि उजवा राजपुत्राच्या चेहऱ्यावरच्या धुक्यावर लावला.

चष्मेवाल्याचं डोकं गेलं. पण त्या जागी भिंत आली नाही.

त्याच्या रोजच्या सदऱ्यावर, वरचं बटण तुटलेल्या कॉलरवर, दुसराच चेहरा होता. सावळा, शांत, किंचित ओलसर. खोलीत पहाटेच्या तळ्याकाठी येतो तसा गार वास पसरला. फडक्यांचं पुराण दुरून, पाण्याखालून आल्यासारखं ऐकू येत होतं. तिने नजर तिकडे वळवली तेव्हा तिथे चष्मेवालाच होता, नाकावर घसरलेला चष्मा वर ढकलत.

तो चेहरा सरळ बघायला गेलं की विरायचा. नजरेच्या कडेला मात्र थांबायचा, आणि तिच्याकडे असा बघायचा की आजवर आपल्याला कुणी बघितलंच नव्हतं असं तिला वाटायचं. ती सुखावली, खोटं कशाला बोला. रोज संध्याकाळी डोळा मिटू लागली. नवऱ्याचं बोलणं चालू असायचं, ही हूं हूं करायची, आणि खोली त्या गार वासाने भरून जायची.

"आज एक बाई आल्या," एकदा चष्मेवाला म्हणाला. "दुकानात कुणी आहे का म्हणून हाका मारल्या आणि गेल्या. मी समोरच उभा होतो गं."

"तुम्ही बोलायचं ना मग."

"बोललो की."

काही दिवसांनी तो हलक्या आवाजात म्हणाला, "दाढी करताना हनुवटी सापडत नव्हती... माझे डोळे मीच तपासले. डोळ्यांत काही नाही."

तिने ठरवलं, आता पुरे. दोन्ही डोळे टक्क उघडे ठेवून तिने त्याच्याकडे सरळ बघितलं. कॉलरच्या वर भिंत होती. सलग, पिवळसर, खिळ्याच्या भोकासकट.

"अहो..." ती म्हणाली.

"काय गं?" भिंतीतून त्याचा आवाज आला.

त्याचं नाक कसं होतं ते तिला आठवेना. इतक्या वर्षांचा संसार, आणि नाक आठवेना. तिला रडू फुटलं. मग तिने त्याची खुर्ची चित्राजवळ ओढली, डाव्या हाताने त्याचा चेहरा चाचपला आणि उजव्या हाताने तो त्या धुक्यात रंगवायला घेतला. कपाळावरची आठी, नाकावर चष्म्याने पाडलेले दोन खड्डे, कानाजवळचा चामखीळ. बोटं सांगतील तसं रंगवत गेली. शेवटची पापणी काढून मान वळवली तर तो खुर्चीत होता, अख्खा, गालाला रंग लागलेला.

"माझं काय रंगकाम चाललंय?" तो म्हणाला. तिने त्याला घट्ट धरलं.

चित्र बदलायला सवड नव्हती. प्रकाशकबाईंनी डोक्याला हात लावला आणि तसंच छापलं. पुस्तक हातोहात खपलं. चष्मेवाला तर हरखून गेला. "बघ, चामखिळासकट राजपुत्र झालो," असं येईल त्याला सांगायचा. तीही निवांत झाली. दुपारी खाली येऊन दुकानात बसायची, नुसती त्याच्याकडे बघत.

अशाच एका लख्ख दुपारी एक मुलगी डोळे तपासायला आली. मांडीवर ते पुस्तक होतं. चष्मेवाल्याने तिला खुर्चीत बसवलं, डाव्या डोळ्यावर धरायला झाकणी दिली आणि स्वतः अक्षरांच्या तक्त्याच्या उजव्या बाजूला, हातभर अंतरावर उभा राहिला.

"वरून वाचा."

मुलगी वाचेना. तक्त्याकडे बघत हळूच हसली. दुकानात गार, ओला वास आला.

गल्ल्यामागे बसलेली चित्रकारीण उठून उभी राहिली. प्रकाशकबाईंचं बोलणं तिला आत्ता कळलं. नवऱ्याला वाचवायला तिने त्याचा चेहरा त्या जागेत ठेवला होता, आणि ती जागा तिची नव्हती. तिथे ज्या त्या वाचणारीला आपला माणूस बसवायचा होता.

"ताई, झाकणी काढा," ती म्हणाली. "काढा ती... आधी काढा."

मुलीने ऐकलं नाही. चष्मेवाल्याची हनुवटी विरत चालली होती. चित्रकारणीने मदतीसाठी बाकाकडे बघितलं. तिथे आणखी काही बायका आपापल्या पाळीची वाट बघत बसल्या होत्या, प्रत्येकीच्या मांडीवर तेच पुस्तक.

त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. तरी एकेकीने डावा डोळा मिटला.