सोनकांबळे सरांची डिस्क

टक्. टक्. खर्रर्र. आणि पुन्हा टक्.

दीपमालानं डिस्कला लावलेला कान काढला. असला आवाज तिनं हजार वेळा ऐकला होता. नांदेडच्या वजिराबादेत तिचं दुकानच मुळी मेलेल्या हार्ड डिस्कमधून लोकांची माहिती काढून द्यायचं. पण समोर बसलेल्या आनंदराज सोनकांबळे सरांना हे सांगायचं कसं, ते काही तिला सुचेना.

सर लातूरहून पहिल्या एसटीनं आले होते. निवृत्त शिक्षक, डोळ्यावर मोतीबिंदूच्या ऑपरेशनचा काळा चष्मा, मांडीवर कापडी पिशवी. अकरा वर्षं त्यांनी गावोगाव फिरून म्हाताऱ्या माणसांना बोलतं केलं होतं. जात्यावरच्या ओव्या, बाबासाहेबांवरची गाणी, छप्पन साली नागपूरला कोण कसं गेलं त्याच्या आठवणी. एकशे त्रेचाळीस माणसं, आणि त्यातली निम्मी आता जगात नव्हती. पहिलं रेकॉर्डिंग त्यांच्या आईचं, सुमनबाईचं. ती मागच्या आषाढात गेली.

"दुसरी कॉपी असेल ना, सर?"

सरांनी मान खाली घातली. "नोव्हेंबरात तुम्हाला फोन केला होता, मॅडम. दुसरी डिस्क घ्यायची म्हणून. तुम्ही म्हणालात, भाव लई चढलेत, दोन महिने थांबा."

दीपमालानं डिस्क टेबलावर ठेवली. म्हणाली होती ती, आणि चांगल्या मनानं म्हणाली होती. पण चांगल्या मनानं दिलेला सल्लाही माणसाला बुडवतो, त्याला काय करायचं?

भावाचं तर विचारूच नका. जगात डिस्क बनवणाऱ्या कंपन्या उरल्या तीन. त्यांचा माल कारखान्यातून निघायच्या आधीच डेटा सेंटरवाल्यांनी उचललेला. यंत्रांना शहाणं करायचंय म्हणे! यंत्रं शहाणी होतील तेव्हा होतील, तोवर इकडच्या दुकानदारांची अक्कल मात्र गहाण पडली. कुणी वापरलेल्या डिस्कवरची वापराच्या तासांची नोंद पुसून ती सीलबंद म्हणून विकतोय, कुणी जुन्या डिस्कवर नवं लेबल चिकटवतोय. विचारायला गेलं तर म्हणतात, बाजारच तसा आहे. बाजार तसा आहे, अन् हे बिचारे गोमूत्र पिऊन बसलेत!

"डिस्क तुमचीच ना?"

सरांनी पिशवीतून बिल काढलं. लेबलवरचा नंबर शेवटच्या अंकापर्यंत जुळला.

तरी दीपमालानं भिंग उचललं. लेबलच्या कडा उन्हात ठेवलेल्या पापडासारख्या वाकल्या होत्या. तिनं डिस्कच्या पाठीवरचा हिरवा बोर्ड सोडवला आणि त्याच्या चिपमधला नंबर वाचला. तो वेगळाच निघाला.

मग तिनं बाजूची स्क्रूची भोकं पाहिली. वरून डिस्क लख्ख पुसलेली होती, पण भोकांच्या तळाशी बारीक पूड साठली होती, थोडी पांढरी, थोडी लाल. तिनं ती टाचणीनं काढून कागदाच्या पुडीत बांधली.

"सर, तुमची डिस्क मेलेली न्हाई."

सर ताठ बसले.

"ही तुमची डिस्कच न्हाई. लेबल तुमचं, धड दुसऱ्याचं. कुणीतरी अदलाबदल केलीय. तुमचा कॉम्प्युटर उघडला कुणी?"

"दोघांनीच. ऑपरेशनमुळं महिनाभर मला स्क्रीन बघायला मनाई होती. त्या काळात व्यंकटी आला होता. आमच्या गल्लीत कॅमेरे बसवून राहिला होता तो. पंखा वाजतो म्हणून त्यानं उघडून साफ केला. नंतर पॉवर सप्लाय गेला, तेव्हा सुनेनं, रेणुकानं, रामलिंगआप्पांकडं दिला. दोन दिवसांनी परत आला. त्याला आज बारा दिवस झाले."

रामलिंगआप्पांचं नाव ऐकून दीपमालाला हायसं वाटलं. लातूरला त्यांच्याच दुकानात नऊ वर्षं राबून ती हे काम शिकली होती. आप्पा म्हणजे तिला बापाच्या जागी.

"मग डिस्क बंद पडलेली कधी कळली?"

"चार दिवसांमागं, पट्टी सुटल्यावर. आप्पांकडं नेली. ते म्हणाले, सर, मेली ही. कुणाला दाखवू नका, उगं खर्चात पडाल. ठेवून जा, मी टाकून देतो."

"असं म्हणाले आप्पा?"

"हाव. पण माझं मन धजेना. आईचा आवाज होता हो त्यात. फेकू कसा?"

दीपमालानं दुकानाचं शटर ओढलं आणि सरांसोबत लातूरची गाडी धरली. वाटेत अहमदपूरला तिनं व्यंकटी कुठं सापडेल ते सरांना विचारून घेतलं.

व्यंकटी लातूरच्या क्लासवाल्यांच्या गल्लीत शिडीवर सापडला. देगलूरकडचा गडी, तोंडाळ, पण हाताला चलाख. भिंतीत ड्रिल घालून कॅमेऱ्याचं भोक पाडत होता. अंगावर प्लास्टरची पांढरी आणि विटांची लाल भुकटी. ती पाहून सरांनी दीपमालाकडं पाहिलं. दीपमालानंही पाहिलं.

"खाली ये, व्यंकटी. सरांचा कॉम्प्युटर तू उघडला होतास?"

"उघडला की. ब्रश मारला, लावला. पैसा घेतला न्हाई, अक्का! विचारा सरांला."

"डिस्क काढली होतीस?"

"मी कशाला हात लावू?"

"मग तुला कॅमेऱ्यांसाठी डिस्क मिळतात कुठून? बाजारात तर औषधाला न्हाईत."

व्यंकटीची नजर ड्रिलवर गेली. "मिळतात कुठून तरी."

"कुठून तरी म्हंजे?"

"धंद्याची गोष्ट हाय, अक्का. मी जबान दिलीय."

सरांचा आवाज चढला. "अरे, माझी माय आहे त्या डिस्कमधी! तू जबानीचं काय घेऊन बसलास?"

व्यंकटीचा चेहरा उतरला, पण तोंड उघडेना. दीपमालानं दोघांना समोरच्या हॉटेलात बसवलं आणि सुशीला मागवली. मुरमुऱ्यांच्या त्या बशीबरोबर लिंबाची फोड आली. सर बशीला हात लावेनात. दीपमालानंही खाल्लं नाही. तिनं पुडी सोडली आणि पूड बशीच्या कडेला ठेवली. व्यंकटीच्या बाहीवरची भुकटी झटकून तिच्या शेजारी ठेवली. मग दोन्हींवर लिंबू पिळलं.

व्यंकटीची लाल भुकटी लालच राहिली. पुडीतली लाल पूड पिवळी पडली.

दीपमाला त्या पिवळ्या ठिपक्याकडं बघत राहिली. सरांनी दोनदा विचारलं, काय झालं म्हणून. ती म्हणाली, "चला आप्पांकडं. तूही चल, व्यंकटी." आणि पाणीही न पिता उठली.

रामलिंगआप्पा दुकानात एकटेच होते. कपाळावर भस्माचे तीन पट्टे, मधे कुंकवाचा ठिपका, पुढ्यात उघडा पडलेला लॅपटॉप. दीपमालाला पाहताच हसले.

"ये पोरी! लई दिवसांनी. चहा सांगू?"

"चहा नको. सरांच्या डिस्कचं विचारायला आलेय."

"ती मेली गं. मशीनच ते." मग त्यांचं लक्ष व्यंकटीकडं गेलं. "का, ह्यानं काही केलं का? भिंती फोडत फिरणाऱ्याच्या हाती कॉम्प्युटर दिल्यावर काय व्हायचं?"

व्यंकटी चवताळला. "आप्पा, जिभेला हाड हाय का तुमच्या?"

"थांब, व्यंकटी," दीपमाला म्हणाली. तिनं डिस्क टेबलावर ठेवली. "आप्पा, एक विचारते. डिस्क मेली असं कधी म्हणायचं? तुम्हीच शिकवलं होतं."

आप्पा लॅपटॉपचे स्क्रू गोळा करू लागले.

"तिघांनी तपासल्याबिगर मेली म्हणायचं न्हाई. आणि सरांना तुम्ही सांगितलं, कुणाला दाखवू नका. तिथंच मला खटकलं होतं. पण मी मनाला म्हटलं, आप्पा थकले असतील. माणूस आपल्या माणसासाठी किती सबबी शोधतो, न्हाई का?"

"तुला म्हणायचंय काय?"

"ह्या डिस्कच्या आतला नंबर वेगळा हाय. लेबल गरम हवेनं उचलून हिच्यावर बसवलंय. पण लेबल काय, कुणीही उचलेल. स्क्रूच्या भोकात मला पांढरी-लाल पूड सापडली. आधी वाटलं, वीट अन् प्लास्टर. म्हंजे व्यंकटी. पण वीट लिंबानं पिवळी पडत न्हाई. हळदीचं कुंकू पडतं. आंबट लागलं की त्याची पुन्हा हळद होते."

सरांनी चष्मा काढला. "कुंकू? आमच्या घरी?"

"तुमच्या घरी न्हाईच, सर. दसऱ्याला तुम्ही पांढरे कपडे घालून विहारात वंदनेला जाता. तुमच्या घरात कशाला कुंकू लागत न्हाई, मग कॉम्प्युटरला कुठून लागणार? म्हंजे ही डिस्क पूजा करणाऱ्याच्या दुकानातून आली. आता व्यंकटीही पूजा करतो. काय रे, दसऱ्याला कशाकशाची करतोस?"

"ड्रिलची. शिडीची. गाडीची," व्यंकटी म्हणाला. "हळद-कुंकू अन् तांदूळ वाहतो."

"मेलेल्या डिस्कची?"

"मेलेलीची पूजा कोण करतंय, अक्का? भंगारात देतो."

दीपमाला आप्पांकडं वळली.

"एकच माणूस करतो. मेलेल्या डिस्कचे सुटे भाग काढून तो दुसऱ्या जगवतो, म्हणून दसऱ्याला मेलेल्यांची रांग लावतो. 'आधी ह्यांना लाव पोरी, ह्यांच्यावर आपली भाकर हाय.' आधी भस्म, मग वसमतच्या हळदीचं कुंकू. रंगाचं बाजारी कुंकू त्याला चालत न्हाई. नऊ दसरे माझ्या ह्या बोटांनी लावलंय मी ते, आप्पा. भोकातली पांढरी पूड प्लास्टर न्हाई. ती तुमच्या कपाळावर हाय."

आप्पांचा हात कपाळाकडं गेला आणि तसाच खाली आला.

"सरांच्याच मॉडेलची मेलेली डिस्क तुमच्या कपाटात होती. तिला सरांचं लेबल लावलं, वरून पुसली. भोकं पुसायची राहिली. आता व्यंकटी, तुझी जबान कुणाला दिलीस ते सांग."

"आप्पालाच," व्यंकटी म्हणाला. "म्हणाले, माल मिळतो हे कुणाला बोलू नको, गर्दी होईल. बारा दिवसांमागं आठ टीबीची दिली. सीलबंद पुडक्यात होती, आईची आण! मीच बसवली, क्लासच्या होस्टेलात. बत्तीस कॅमेरे हायत तिथं."

बत्तीस कॅमेरे, रात्रंदिवस, बारा दिवस. दीपमालानं मनात हिशेब केला: एवढं चित्रण सरांच्या रेकॉर्डिंगांवरच लिहिलं गेलेलं, डिस्क भरतच आली असणार.

"होस्टेलवाल्याला तारीख दिली होती गं," आप्पा हळू आवाजात म्हणाले. "मुंबईचा माल येईना. आज देतो, उद्या देतो म्हणाले, मग फोनच उचलेनात. चाळीस वर्षांचं नाव जाऊन राहिलं होतं माझं. मला वाटलं, सरांकडं दुसरी कॉपी असेल."

"खोटं," सर म्हणाले. शिक्षकाचा आवाज, वर्गात शेवटच्या बाकापर्यंत जाणारा. "दुसरी डिस्क मागायला मी आधी तुमच्याकडंच आलो होतो. तुम्ही म्हणालात, भाव उतरेल, थांबा. कॉपी नाही हे तुमच्याइतकं कुणालाच माहीत नव्हतं. उघडून ऐकलं तरी होतं का, काय आहे त्यात?"

आप्पांनी मान हलवली. "न्हाई ऐकलं. ऐकलं असतं तर काढवली नसती."

व्यंकटी दारात जाऊन थुंकला. दीपमालाला रडू आलं, आणि त्याहून जास्त राग आला. "तुमच्या पाया पडून मी दुकान टाकलं होतं, आप्पा," एवढंच ती म्हणाली.

सरांच्या तक्रारीवरून पोलिसांनी होस्टेलातून डिस्क काढली. पंचनाम्यात लिहिलं, वापरलेली हार्ड डिस्क, नग एक. सरांनी सही केली. ठाण्यातल्या रीतीभाती उरकून डिस्क दीपमालाच्या टेबलावर यायला आणखी आठवडा गेला.

ती चार दिवस त्या डिस्कला बसून होती. कॅमेऱ्यांनी डिस्कच्या पहिल्या जागेपासून सुरुवात करून जुन्यावर नवं लिहीत नेलं होतं. जिथं ओव्या होत्या तिथं आता होस्टेलचं फाटक होतं. वॉचमन खुर्चीवर, पोरं डबे घेऊन येतायत, पोरं डबे घेऊन जातायत. शेवटच्या भागातली सव्वीस माणसं निघाली. एकशे त्रेचाळीसातली सव्वीस. आणि सरांनी आईला सगळ्यांच्या आधी, मानानं पहिल्या जागी ठेवलं होतं, म्हणून ती सगळ्यांच्या आधी पुसली गेली.

एक तुकडा तेवढा सुटा सापडला. पुढच्या कुठल्याशा फोल्डरात मशीन तपासायला केलेलं रेकॉर्डिंग. सात सेकंदांचं.

सर आले, बसले. दीपमालानं स्पीकर लावला.

आधी खाकरल्याचा आवाज. बांगड्या वाजल्या. मग म्हातारी म्हणाली, "झालं का रे चालू, आनंदा? म्हणू का आता?"

आणि संपलं.

दीपमालानं तोंड फिरवलं. "दुसऱ्या डिस्कची गरज न्हाई, सर," ती कशीबशी म्हणाली. "एवढंसं तर मोबाइलात बसतं."

सरांनी पुन्हा लावायला सांगितलं. तिनं लावलं. बांगड्या वाजल्या, म्हातारीनं विचारलं. तिसऱ्यांदा लावलं तेव्हा सर स्पीकरजवळ वाकले.

"हाव माय," ते म्हणाले, "चालू हाय. म्हण."