रानकॉफीचं सोंग

वादळाची वर्दी होती. दुपारीच घराघरांच्या खिडक्यांना फळ्या ठोकून झाल्या, आणि मी कुंपणाचं कुलूप बघायला निघाले. शाळा सोडल्यापासून माझं हेच काम. अख्ख्या रॉड्रिग्ज बेटावर उरलेल्या एकुलत्या एका रानकॉफीची राखण. राखायची कुणापासून, तर आमच्याच म्हाताऱ्यांपासून. शनिवारी रम ढोसायची, रविवारी डोकं ठणकलं की फांदी तोडून काढा प्यायचा. तारांवर तारा ठोकल्यात त्या यांच्यासाठीच.

दारात झेल्मीर आत्या आडवी आली.

"तुझा बाप आत पिवळा पडलाय, आणि तू काटकी राखतेस?"

"दवाखान्यात ने म्हटलं होतं."

"नेला होता. हात वर केले त्यांनी. एक फांदी आण, बाई. किल्ली तुझ्याकडेच आहे ना."

"त्याला रम पाजताना बरी लागली नाही तुला कुणाची किल्ली."

आमचं वाजलं ते वाजलंच. तेवढ्यात बाप खाटेवरून उठून, कोयता घेऊन मागच्या दाराने गेला.

मी धावत टेकडीवर झाडापाशी पोचले तेव्हा वारा एकदम थांबला होता. कुंपण वाकलेलं, बाप आत.

"पपा, बाहेर ये."

"मेलंय गं हे," तो म्हणाला.

सकाळी झाड हिरवंगार होतं. आता शेंड्यापर्यंत सुतासारखी बारीक, तपकिरी पानं. ती मला ओळखीची होती. या झाडाची रोपं लहानपणी अशीच वाळक्या काडीचं सोंग घेतात, इथल्या अजस्र कासवांना दिसू नयेत म्हणून. कासवाची मान पोचणार नाही इतकी वाढली की मगच हिरवी होतात. कासवं तर वाडवडिलांनी कधीच खाऊन संपवली. आणि हे झाड बापापेक्षाही उंच. मग एवढ्या उंचावर… कुणाची मान?

"पपा… ते लपलंय."

"कुणापासून? माझ्यापासून?" तो हसला आणि कोयता चालवला. फांदी आतून ओली, हिरवी निघाली.

कुंपणापलीकडे काहीतरी जड घासत आलं. थांबलं. चिखलाचा वास आला, चघळलेल्या गवताचा वास आला. दिसलं काहीच नाही. फक्त माझ्या डोक्याच्या वरची पेरूची पानं एकेक करून खुडली जात होती. आम्ही पळालो, बापाच्या हातात फांदी तशीच.

आत्याने काढा उकळला, बाप प्यायला. सकाळी ताप नव्हता, डोळ्यांतला पिवळेपणाही गेला होता. वादळही दुसरीकडे वळलं.

"बघ," आत्या छातीवर क्रूस काढत म्हणाली, "तुझ्या तारांनी मारला असता त्याला."

तिचं खरं ठरलं याचाच मला राग आला होता.

जेवणाला तिने मक्याचा भात आणि सुक्या ऑक्टोपसचं कालवण वाढलं. बापाला हाक मारली, "क्लेन्सी… अरे, आत्ता तर इथे होता."

तो तिच्यासमोरच होता. भिंतीला पाठ लावून उभा. तिचं कोपर त्याला घासून गेलं, कुत्रा त्याच्या पायावरून चालत गेला. मलाही नजर रोखली तरच दिसत होता. बारीक, तपकिरी, श्वासानेसुद्धा न हलणारा. आत्या त्याला शोधत अंगणात गेली.

"पपा?"

त्याचे ओठ हलले नाहीत. "हळू… आलंय."

मागच्या भिंतीला बाहेरून काहीतरी घासलं. छपराचा पत्रा करकरला.

"तिथून बाजूला हो, पोरी," बाप कुजबुजला. "फार हिरवी दिसतेस…"