पिठाच्या गोळ्या

फोन वाजला तेव्हा कॅप्टन बुनसोम टेबलावर डोकं टेकून बसला होता. झोपला नव्हता, नुसता टेकला होता. चोपन्नाव्या वर्षी दोन्हींतला फरक कुणाला समजावून सांगायचा त्याला कंटाळा आला होता.

"बुनसोम, कुठल्या बेकरीतनं माल उचललात रे?" शहरातल्या प्रयोगशाळेतल्या वीलायबाईंचा आवाज.

"म्हणजे?"

"काल दोन पोती याबाच्या नशेच्या गोळ्या म्हणून पाठवल्यात. तांदळाचं पीठ निघालं. साखर आणि लाल रंग. माझ्या शिपायानं चाखून बघितली, बरी लागते म्हणाला."

"सील?"

"जागच्या जागी. लाख तुमची, शिक्का तुमच्याच ठाण्याचा. काय चाललंय काय तुमच्याकडे?"

बुनसोमनं फोन खाली ठेवला. खिडकीबाहेर मेकाँग नदी नेहमीसारखी मातकट वाहत होती. त्याच नदीत तीन आठवड्यांपूर्वी नाव अडवून हा माल पकडला होता. नावाडी कोठडीत होता. गोळ्याच नाहीत म्हटल्यावर तोही सुटणार होता.

ठाणेप्रमुख पिचेतसाहेबांनी ऐकलं आणि आधी दार लावून घेतलं.

"मुद्देमाल खोलीची किल्ली कुणाकडे असते?"

"लमाईताईंकडे."

"लाख, शिक्का?"

"त्यांच्याच कपाटात. पण साहेब, परवा इथे टीव्हीवाल्यांचं शूटिंग होतं. त्यांच्याकडे पिठाच्या गोळ्यांची पोतीच होती."

"टीव्हीवाल्यांचं नाव काढायचं नाही!" पिचेतसाहेब कळवळून म्हणाले. ड्रगविरोधी मालिकेचा एक एपिसोड आपल्या ठाण्यात व्हावा म्हणून त्यांनी वर्षभर खेटे घातले होते, आणि त्यात एक वाक्याची भूमिकाही पदरात पाडून घेतली होती. "संध्याकाळी प्रांताचे तपासनीस येतायत. मला त्यांच्या हातात एक माणूस द्यायचाय. लमाई तर लमाई."

"सरकारी नोकराला तिप्पट शिक्षा आहे साहेब. साठीला आलीय ती. आतच मरेल."

"मग संध्याकाळपर्यंत दुसरं नाव आण. मी काय हौसेनं करतोय?"

लमाई ही थावोनची बायको. थावोन आणि बुनसोम एकाच नावेवर गस्त घालायचे. एका पावसाळ्यात पाठलाग करताना थावोन नदीत गेला तो गेलाच. नंतर तिला मुद्देमाल खोलीत चिकटवून घेतलं. ठाण्यामागच्या क्वार्टरमध्ये ती राहायची आणि घर नसलेल्या पोलिसांना जेवू घालायची. बुनसोम दहा वर्षं तिथेच जेवत होता. तो तिच्याकडे निघाला.

ती चुलीशी मिरच्या भाजत होती. त्यानं सगळं सांगितलं. तिनं ऐकून घेतलं आणि मिरच्या परतत राहिली.

"परवा किल्ली कुठे होती ताई?"

"नेहमीच्या खिळ्याला. या इथे."

"दिवसभर?"

"अरे, शूटिंगच्या चाळीस माणसांना चिकट भात घालत होते मी. किल्लीकडे बघायला फुरसत होती का? अख्खी पलटण आत-बाहेर करत होती."

"संध्याकाळी?"

"सगळे पुढच्या अंगणात, तो हिरो बघायला. मी इथेच. आणि तुला म्हणून सांगते, त्या मेल्यांनी मला छळलं नुसतं. मागच्या बोळात माझे नेसायचे सारोंग वाळत घातले होते. अंधार पडल्यावर बघते तर सगळे सरकवून एका टोकाला गोळा केलेले. ओले ते ओलेच, वर चुरगळलेले. पुन्हा धुवावे लागले मला! सांग, सारोंगांनी कुणाचं काय घोडं मारलं होतं?"

"मागच्या बोळात?"

"म्हणजे दुसरा कुठला?"

मुद्देमाल खोलीचं मागचं दार त्या बोळात उघडत होतं. बोळाचं एक टोक पुढच्या अंगणात, दिव्यांच्या झगमगाटात. दुसरं नदीच्या पायऱ्यांवर. पायऱ्या आणि दार यांच्या मधोमध लमाईची दोरी. बुनसोम बोळात जाऊन आला. दोरी डोक्याएवढीच उंच होती, लांब सारोंग गुडघ्यापर्यंत लोंबत होते. भिंतीला बांबूची काठी टेकवलेली होती.

टीव्हीवाल्यांचं सामान सांभाळणारा ठीरा व्हॅनमध्ये बसून प्लास्टिकची पिस्तुलं पुसत होता. बँकॉकचा पोरगेला माणूस, कानात डूल, गळ्यात ताईतबिईत काही नाही.

"तुझी गोळ्यांची पोती कुठेत?"

"तेच शोधतोय दोन दिवस. दुसऱ्या गाडीत भरली गेली असतील."

"नाहीशी झाली कधी?"

"परवा दुपारी होती. संध्याकाळी मी दर शॉटला बेड्या घाला, बेड्या काढा, यातच."

"सतत?"

"सतत कसं? मधे मधे व्हॅनमध्ये यायचो. का हो? मी काय केलं?"

"खरी पोती बघितली होतीस?"

"रुंगरोतसाहेबांनी दाखवली. म्हणाले, हुबेहूब कर. केली." मग त्याच्या डोक्यात प्रकाश पडला आणि हातातलं पिस्तूल त्यानं बाजूला ठेवलं. "अहो, मी साधी सिगारेट ओढत नाही!"

लेफ्टनंट रुंगरोत हा ठाण्याचा हिरो. हा माल त्यानंच पकडला होता, म्हणून टीव्हीवाल्यांनी त्याला सल्लागार नेमलं होतं. गळ्यात ताईतांची माळ, पाठभर मंत्रांचं गोंदण. टीव्हीतल्या मुली त्या ताईतांची पथ्यं विचारून खिदळायच्या आणि तो गंभीरपणे सांगायचा: दुधी खायचा नाही, कुणाला आईवरून शिवी द्यायची नाही, बायकांच्या कपड्यांखालून जायचं नाही, गुरुवारी दारू नाही. आईबाप लहानपणीच गेलेले. भरती झाल्यापासून तो लमाईला मावशी म्हणायचा आणि तिच्याच ताटात जेवायचा.

आज त्याचे डोळे तारवटलेले होते.

"मावशीला धरणार म्हणतायत. खरं का?"

"संध्याकाळी."

"कॅप्टन, ते शक्यच नाही." तो जवळ सरकला. "त्या ठीराला मी बघितलं होतं. पाठीवर पोतं घेऊन नदीकडे चालला होता."

"कुठून बघितलंस?"

"कॅमेऱ्यामागे उभा होतो, तिथून बोळ दिसतो."

"हटकलं नाहीस?"

"शूटिंगचं सामान वाटलं."

"काल का नाही बोललास?"

"काल गोळ्या खऱ्याच होत्या ना, सगळ्यांच्या लेखी."

उत्तर चोख होतं. बुनसोमनं मान हलवली आणि तो डायरेक्टरकडे गेला.

परवा संध्याकाळचं सगळं चित्रण त्यानं बसून पाहिलं. पिचेतसाहेब अंगणाच्या मधोमध उभे राहून "कुणीही हलायचं नाही!" एवढंच म्हणायचे होते, आणि दर वेळी "कुणी हललं नाही ना?" असं म्हणत होते. मागे अख्खं ठाणं रांगेत उभं, गर्दी म्हणून. हवालदार, स्वयंपाकी, वाहनचालक, झाडून सगळे, प्रत्येक शॉटमध्ये. बुनसोम स्वतः त्या दिवशी न्यायालयात होता. चित्रात नव्हते ते तिघेच. लमाई, ठीरा आणि रुंगरोत. डायरेक्टर म्हणाला, "रुंगरोतसाहेब माझ्या मागेच होते. म्हणजे, असतील. मी मागे बघत नाही."

बुनसोमनं डोळे चोळले. मेहनत कसली नव्हती, पण अंग मोडून आलं होतं. एक नाव त्याच्या मनात येऊन बसलं होतं आणि त्याला ते नको होतं.

तो पुन्हा लमाईकडे गेला. तिनं चूल विझवली होती, हात मांडीवर ठेवून बसली होती.

"ताई, ते सारोंग..."

"मीच सरकवले होते."

"सकाळी तर तुम्ही..."

"म्हातारी झाले मी. आठवत नाही. मीच सरकवले, लिही तसं." ती त्याच्याकडे बघत नव्हती. "आणि बाकीचंही मीच केलं म्हणून लिही. दमलास तू, जा, झोप जरा."

त्याला आता काही विचारायचं उरलं नाही. तो बाहेर पायरीवर जाऊन बसला. गप्प बसलं तर ही जाते, बोललं तर तो जातो. ठीराच्या माथी मारलं तर दोघं वाचतात, आणि पिचेतसाहेबसुद्धा नाही म्हणणार नाहीत. असं पूर्वी कितीदा झालंय हे त्याला ठाऊक होतं. त्याचाच त्याला वीट आला होता.

ऊन कलताना त्यानं सगळ्यांना बोळात बोलावलं. दोरीवर पुन्हा धुतलेले सारोंग लोंबत होते. मुद्देमाल खोलीच्या दाराशी तांदळाची दोन पोती ठेवली होती. पिचेतसाहेब घड्याळ बघत होते. लमाई भिंतीला टेकून उभी होती.

बुनसोम नदीच्या टोकाला गेला. "ठीरा, पोतं उचल आणि इकडे ये."

ठीरानं पोतं पाठीवर घेतलं, वाकला आणि सरळ सारोंगांखालून आला. ओला काठ तोंडावर घासला तसा "शी!" म्हणाला, पण थांबला नाही.

"रुंगरोत, आता तू. तुला हा कसा दिसला होता, पोतं घेऊन दाखव."

रुंगरोतनं पोतं खांद्यावर घेतलं आणि चालू लागला. दोरीपाशी पाय आपोआप थांबले. त्यानं पोतं खाली ठेवलं, भिंतीला टेकलेली काठी घेतली आणि एकेक सारोंग दोरीवरून बाजूला ढकलू लागला. हात न लावता, काठीनं. दोन-तीन सरकवले असतील. मग त्याच्या लक्षात आलं. काठी हातात तशीच राहिली.



"हे काय नाटक?" पिचेतसाहेब म्हणाले. "ताईत घालणारा कुठला बाप्या बायकांच्या सारोंगखालून जातो? मीही गेलो नसतो."

"तेच सांगतोय साहेब. परवा चोर इथून दोन पोती घेऊन नदीकडे गेला. पुढे दिवे होते, दुसरा रस्ताच नव्हता. शूटिंग संपायच्या आत उरकायचं होतं, कुणीही आलं असतं. अशा घाईत ठीरा काय करेल, ते आत्ता बघितलंत. वाकून निघून जाईल. ताईंना तर सारोंगांचं सोवळंच नाही. पण हा चोर थांबला, पोतं खाली ठेवलं आणि सगळे कपडे एका टोकाला लोटले. फासावर जायची वेळ आली तरी पथ्य मोडणार नाही, असा माणूस होता तो. तसे आपल्या ठाण्यात पुष्कळ आहेत, तुम्ही धरून. पण त्या वेळी तुम्ही सगळे कॅमेऱ्यासमोर उभे होता, चित्रणात दिसताय. कॅमेऱ्यामागे ताईतवाला एकच होता."

"आणि किल्ली?"

"खिळ्याला होती. बाकी सगळे पुढे असताना ताईंच्या चुलीपर्यंत बिनदिक्कत कोण जातो? तो आणि मी. शिक्का कुठे असतो हे याला माहीत, गोळ्या हुबेहूब करून घेतल्या त्याही यानंच. ठीरा म्हणे पोतं घेऊन चालला होता. तसा गेला असता तर सारोंग जागेवर राहिले असते."

"खोटं आहे!" लमाई एकदम पुढे आली. "मी केलंय सगळं. मी दिली किल्ली, मी विकला माल. बुनसोम, तुला सांगितलं होतं ना मी?"

"मावशी, पुरे," रुंगरोत म्हणाला.

"तू गप्प बस रे!"

"पुरे म्हणतो ना." त्यानं काठी भिंतीला नीट टेकवून ठेवली. "माझा धाकटा भाऊ नाव चालवतो. ज्यांचा हा माल, त्या नदीपलीकडच्या टोळीनं त्याला धरून ठेवला होता. त्याचं बोट पाठवलं मला, डब्यात घालून. माल परत कर, भाऊ घे. काय करायचं होतं मी, कॅप्टन? तुम्हाला सांगायचं? तुम्ही वर सांगितलं असतं, वरून पलीकडे कळलं असतं. असंच होतं ना नेहमी?"

नेहमी असंच होत होतं, हे बुनसोमला ठाऊक होतं.

"भाऊ आला?"

"आला. झोपूनच असतो." रुंगरोतनं लमाईकडे बघितलं. "पण मावशीवर येईल हे मला नव्हतं सुचलं. शपथ सांगतो. मला वाटलं टीव्हीवाले गेले की त्यांच्यावर ढकलता येईल."

"माझ्यावर!" ठीरा म्हणाला.

तपासनीस आले. रुंगरोतला घेऊन गेले. पिचेतसाहेबांनी बुनसोमच्या पाठीवर थाप मारली आणि ठाण्याची अब्रू राहिली म्हणाले. ती कशी राहिली, हे त्यांनी सांगितलं नाही.

बुनसोम लमाईच्या दारात गेला. ती अंधारात बसली होती.

"ताई, सुटलात तुम्ही. तुमच्यावर काहीही नाही."

"कुणी सांगितलं होतं सोडवायला?"

"तुम्ही आत मेला असता."

"मेले असते! बाहेर काय वेगळं करणार आहे मी? माझं झालं सगळं जगून. तो अठ्ठावीस वर्षांचा आहे, बुनसोम. सकाळी तुला सारोंगांचं सांगितलं आणि तू गेल्यावर माझ्या ध्यानात आलं, काठीनं कोण सरकवतं ते. रोज बघते मी. माझ्याच तोंडानं पोराला दिलं. मग मी ठरवलं. दिवसभर बसून ठरवलं. आणि तू आलास ते उपकार करायला!"

"त्यानं चोरी केली ताई. त्या गोळ्या पुढच्या आठवड्यात शाळेबाहेर विकल्या जातील."

"जातील. आणि तू त्याला धरलास म्हणून जाणार नाहीत, असं आहे का?"

तो दारातच उभा होता. बरोबर असूनही त्याला इतकं वाईट कधी वाटलं नव्हतं. थावोन गेला तेव्हाची बातमीसुद्धा त्यानंच या दारात उभं राहून सांगितली होती, आणि तेव्हा तिनं त्याला आत बोलावून पाणी दिलं होतं.

आज ती उठली, खिळ्यावरची मुद्देमाल खोलीची किल्ली काढून त्याच्या हातात ठेवली आणि म्हणाली, "मी सुटलेच आहे ना? मग ही घे. आणि जाताना दार ओढून घे."